पाचवा रकाना

रविवारी सकाळी साडेनऊला माझ्याकडे नववी-दहावीची आठ-दहा मुलं येतात. डोंबिवलीतल्या आमच्या जुन्या घराची बाहेरची खोली हाच वर्ग. आठवडाभर तिथं शाळेचा अभ्यासक्रम चालतो, रविवारी मात्र परीक्षेत कधीच न येणारी गणितं सोडवायची असा आमचा शिरस्ता आहे. गेल्या महिन्यात मी त्यांना एक साधं दिसणारं गणित घातलं. चौकटीची वही घ्यायची आणि तिच्यावर एक समभुज त्रिकोण काढायचा. अट एकच, तिन्ही शिरोबिंदू आडव्या-उभ्या रेघा जिथं एकमेकींना छेदतात तिथंच पडले पाहिजेत.

मुलांना वाटलं, पाच मिनिटांचं काम. मग खोली हळूहळू शांत झाली. खोडरबराचा भुगा वहीवर साचायला लागला. दोन बिंदू कुठंही बसत होते, तिसरा दरवेळी रेघ सोडून जरा बाजूला पडायचा. अर्ध्या तासानं एका मुलीनं वही वर धरली आणि म्हणाली, "मॅडम, जमलं!" तिनं एका छेदबिंदूतून चार घरं उजवीकडे आणि एक वर, आणि त्याच बिंदूतून एक घर उजवीकडे आणि चार वर, असे दोन बिंदू घेतले होते. पट्टीनं मोजलं तर तिन्ही बाजू सारख्याच वाटत होत्या. मी म्हटलं, आता पायथागोरस लाव. बाजूंचे वर्ग आले १७, १७ आणि १८. ती वहीकडे बघतच राहिली. केसभराचा फरक होता, पण होता.

असा त्रिकोण काढताच येत नाही. चौकटीच्या वहीवर कोपऱ्यांत बसवलेल्या कुठल्याही त्रिकोणाचं क्षेत्रफळ अर्ध्याच्या पटीत येतं. समभुज त्रिकोणाच्या सूत्रात मात्र तीनाचं वर्गमूळ येऊन बसतं, आणि बाजूचा वर्ग पूर्णांक असल्यानं ते काही केल्या जात नाही. एक संख्या परिमेय, दुसरी अपरिमेय, म्हणजे दोन्ही एक असणं शक्य नाही. सिद्धता तीन ओळींची. ती सुचली तर सुचली, नाही तर माणूस तासभर वहीवर ठिपके देत बसतो.

हे गणित मला ज्या संग्रहात सापडलं तो संग्रह वाचून संपवला त्या रात्री मला झोप लागली नव्हती. मॉस्को विद्यापीठाच्या गणित आणि यांत्रिकी विभागात, ज्याला तिथं सगळे 'मेखमात' म्हणतात, १९७०च्या दशकात प्रवेशाच्या तोंडी परीक्षेला अशी गणितं विचारली जात. सगळ्यांना नाही. काही मुलांना वेगळ्या खोलीत बोलावलं जाई, आणि त्या खोलीतलं गणित नेहमी याच जातीचं असे: मांडणी सोपी, उत्तर छोटं, वाट मात्र सापडू नये अशी. उत्तर छोटं असण्यामागे कारण होतं. नापास झालेल्या मुलानं दाद मागितली तर दोन ओळींची सिद्धता दाखवून 'एवढंही आलं नाही' म्हणता येई. मॉस्कोचे गणिती या गणितांना 'ग्रोब' म्हणत. ग्रोब म्हणजे शवपेटी. त्या वेगळ्या खोलीत जाणारी मुलं होती ज्यू. परीक्षकाकडे त्यांचं नाव, वडिलांचं नाव आणि कागदपत्रांतला पाचवा रकाना असे.

सोव्हिएत काळातल्या नोकरीच्या, शिक्षणाच्या अर्जांत पाचव्या क्रमांकाला राष्ट्रीयत्व लिहायचं असे. रशियन, युक्रेनी, आर्मेनियन, जॉर्जियन. मॉस्कोत जन्मलेल्या, रशियन सोडून दुसरी भाषा न येणाऱ्या, देवळात किंवा सिनेगॉगमध्ये कधी पाऊल न टाकलेल्या मुलाचे आई-वडील ज्यू असतील तर त्यानं तिथं 'येव्रेय', ज्यू, असं लिहायचं. १९३२ साली देशांतर्गत पासपोर्ट सुरू झाले आणि ही नोंद माणसाच्या खिशात येऊन बसली. बोलण्यात लोक नुसतं 'पाचवा रकाना' म्हणत, आणि समोरच्याला कळे.

रकाना म्हटलं की आपल्याकडचाही माणूस सावध होतो. आपल्या दाखल्यावरच्या रकान्याचा इतिहास निराळा आहे, त्यातून मिळालेला आणि अजून मिळायचा असलेला न्यायही निराळा आहे, त्याची इथं मला गल्लत करायची नाही. पण माणूस तोंड उघडायच्या आत त्याचा कागद बोलून मोकळा होतो, हे आपल्याला समजावून सांगावं लागत नाही. ज्यू म्हटल्यावर मात्र आपल्या डोळ्यांपुढं कोकणातले बेने इस्राएल येतात. शनिवारी घाणा बंद ठेवणारे शनवार तेली, गावात गावकऱ्यांसारखे राहिलेले, मराठी बोलणारे. त्यामुळे 'पोग्रोम', म्हणजे जमावानं ज्यूंच्या वस्तीवर तुटून पडून केलेली लूट आणि कत्तल, या शब्दाला मराठीत नेमका प्रतिशब्द नाही. तो रशियन शब्द आहे आणि जगातल्या बहुतेक भाषांनी तो तसाच उचलला.

रकान्याच्या आधी रेषा होती. १७९१ मध्ये महाराणी कॅथरीननं ज्यूंनी साम्राज्याच्या पश्चिमेकडच्या ठराविक प्रांतांतच राहावं असा कायदा केला, आणि ती रेषा १९१७ पर्यंत टिकली. १८९७च्या जनगणनेत रशियात सुमारे ५२ लाख ज्यू होते, आणि त्यांतल्या बहुतेकांना मॉस्को किंवा पीटर्सबर्गमध्ये राहण्याचा अधिकार नव्हता. १८८७ मध्ये शाळा-विद्यापीठांतही टक्के ठरले: रेषेच्या आत १०, बाहेर ५, दोन्ही राजधान्यांत ३. बाप्तिस्मा घेतला की यातलं बरंच काही गळून पडे.

या सगळ्यात मी ज्याच्यापाशी सर्वांत जास्त वेळ रेंगाळते तो चित्रकार इसाक लेव्हितान. त्याचा जन्म १८६०चा, लिथुआनियाच्या सीमेवरच्या एका गावातला. मॉस्कोच्या चित्रकला विद्यालयात तो तेरा वर्षांचा असताना दाखल झाला. १८७५ मध्ये आई गेली, १८७७ मध्ये वडील. फी भरायला पैसे नसत, मित्र वर्गणी काढत. रात्री झोपायला जागा नसे तेव्हा पहारेकऱ्याचा कंदील वरच्या मजल्यावरून फिरून जाईपर्यंत तो विद्यालयाच्याच इमारतीत कुठंतरी लपून बसे आणि मग तिथंच अंग टाके. १८७९च्या वसंतात झारवर गोळीबार झाला. गोळ्या झाडणारा ज्यू नव्हता, तरी मॉस्कोतल्या ज्यूंना बाहेर काढण्यात आलं. अठरा वर्षांचा लेव्हितान शहराबाहेर साल्तिकोव्हका नावाच्या वस्तीत राहायला गेला. त्याच वर्षी त्यानं सोकोल्निकी बागेतल्या शरद ऋतूचं चित्र काढलं: ओली पायवाट, दोन्ही बाजूंना उंच झाडं, आणि वाटेनं येणारी काळ्या पोशाखातली एकटी बाई. ती बाई त्याच्या मित्रानं, लेखक चेखोव्हच्या भावानं, निकोलायनं काढून दिली. मॉस्कोचा चित्रसंग्राहक पाव्हेल त्रेत्याकोव्ह यानं ते चित्र विकत घेतलं.

पुढं लेव्हितान रशियन निसर्गाचा चित्रकार झाला. व्होल्गाकाठचं प्ल्योस गाव, बर्चची झाडं, बर्फ वितळताना शेतात साचणारं पाणी, पावसाआधीचं आभाळ हे सगळं रशियन माणूस आज ज्या नजरेनं बघतो ती नजर बऱ्याच अंशी लेव्हितानची आहे. आपल्याकडं बालकवींच्या ओळींशिवाय श्रावण डोळ्यांपुढं येत नाही, तसं काहीसं.

१८९२ सालचं त्याचं 'व्लादिमिर्का' हे चित्र मी पहिल्यांदा एका जुन्या सोव्हिएत चित्रसंग्रहात पाहिलं. पान तळहाताएवढं, रंग फिके छापलेले. चित्रात आहे काय, तर एक रस्ता. पायाखालून सुरू होतो आणि क्षितिजापर्यंत जातो. मधली वाट रुंद, आणि तिच्या दोन्ही अंगांना पायांनी तुडवून पडलेल्या अरुंद पायवाटा. मी भिंग घेऊन त्या पायवाटा पाहिल्या आहेत. गवत पुन्हा उगवू पाहतंय आणि पुन्हा तुडवलं जातंय, असा त्यांचा रंग आहे. आभाळ करडं, खाली उतरलेलं. उजव्या हाताला रस्त्याकडेला छोट्या छपराचा एक लाकडी खांब, आत देवाची तसबीर, आणि त्याच्याजवळ पाठीला झोळी अडकवलेली एक यात्रेकरू बाई, मुंगीएवढी. बाकी माणूस नाही. मॉस्कोहून पूर्वेला व्लादिमीरकडं जाणारा हाच तो रस्ता, ज्याच्यावरून साखळदंडांत बांधलेल्या कैद्यांचे जथे सैबेरियाला चालवत नेले जात. शिकारीहून परतताना लेव्हितान आणि त्याची मैत्रीण सोफिया कुव्शिन्निकोव्हा तिथं दमून बसले. संध्याकाळ शांत आणि सुंदर होती. मग त्याला एकदम लक्षात आलं, आपण कुठल्या रस्त्यावर बसलोय ते.

त्याआधीच्या वर्षापासून मॉस्कोचा नवा गव्हर्नर-जनरल, झारचा भाऊ सेर्गेई, शहरातून ज्यूंना घालवून देत होता. कारागीर, शिंपी, माजी सैनिक, हजारोंनी. १८९२च्या शरदात लेव्हितानलाही मॉस्को सोडायचा हुकूम आला. तोवर तो देशातला नावाजलेला चित्रकार होता. तो परत त्याच रस्त्याजवळच्या खेड्यात जाऊन राहिला. मित्रांनी वरपर्यंत खटपट केली आणि वर्ष संपता संपता त्याला परतीची परवानगी मिळाली. दोन वर्षांनी, १८९४ मध्ये, त्यानं 'व्लादिमिर्का' त्रेत्याकोव्हच्या चित्रसंग्रहालयाला भेट म्हणून दिलं. ते संग्रहालय तोवर मॉस्को शहराच्या मालकीचं झालेलं होतं. आपल्याला हाकलणाऱ्या शहराला त्यानं तो रस्ता देऊन टाकला. यात राग होता की प्रेम, हा प्रश्न मला पुष्कळ दिवस छळत होता. आता वाटतं, लेव्हितानला या दोहोंत निवड करायची गरजच वाटली नसावी.

१९०० साली तो चाळिशीच्या आतच वारला. ज्यू दफनभूमीत पुरलेल्या त्याच्या अस्थी १९४१ मध्ये नोव्होदेविची स्मशानात हलवल्या. तिथं आता तो त्याचा मित्र चेखोव्ह याच्याजवळ आहे.

लेव्हितानच्याच वर्षी, १८६०च्या मार्चमध्ये, ओडेसाला आणखी एक ज्यू मुलगा जन्मला. त्याचं नाव मुंबईत रोज हजारो लोक बसच्या पाटीवर वाचतात. वाल्देमार हाफकिन. ओडेसाच्या विद्यापीठात तो जीवशास्त्रज्ञ इल्या मेच्निकोव्हचा विद्यार्थी होता. १८८१ मध्ये तिथं पोग्रोम झाला तेव्हा ज्यूंच्या संरक्षक दलात तो होता आणि त्यापायी तुरुंगातही जाऊन आला. हुशारीबद्दल कुणाचा वाद नव्हता. विद्यापीठात पुढं चढायचं तर बाप्तिस्मा घे, असं त्याला सुचवलं गेलं. त्यानं नकार दिला. काही वर्षं ओडेसाच्या प्राणिशास्त्र संग्रहालयात काढली, मग १८८८ मध्ये देश सोडला. पॅरिसच्या पाश्चर संस्थेत जी जागा मिळाली ती ग्रंथपालाची. तिथं फावल्या वेळात काम करून त्यानं पटकीची लस तयार केली आणि १८९२ मध्ये पहिल्यांदा स्वतःलाच टोचून घेतली. रशिया लेव्हितानला मॉस्कोबाहेर काढत होता त्याच वर्षी.

मुंबईत १८९६ मध्ये प्लेग आला आणि हाफकिन इथं आला. ग्रँट मेडिकल कॉलेजात एक खोली आणि एक व्हरांडा, एवढ्या जागेत त्यानं तीन महिन्यांत प्लेगची लस बनवली आणि १० जानेवारी १८९७ला परत स्वतःच्याच दंडात सुई घेतली. मग भायखळ्याच्या तुरुंगातले कैदी स्वखुशीनं पुढं आले. १८९९ मध्ये त्याची प्रयोगशाळा परळच्या जुन्या गव्हर्नमेंट हाऊसमध्ये गेली, तीच आजची हाफकिन संस्था. माझी आजी सांगायची, तिच्या आईच्या दंडावर लशीचा वण होता आणि ती त्याला 'हापकीनचा डाग' म्हणायची. ओडेसाच्या विद्यापीठाला जे नाव तसंच्या तसं नको होतं, ते आमच्या घरात एका बाईच्या दंडावर राहिलं. पुढं १९०२ मध्ये पंजाबातल्या मुल्कोवालला लशीनंतर धनुर्वात होऊन १९ माणसं गेली, ठपका हाफकिनवर आला, आणि तो निर्दोष आहे हे मान्य व्हायला १९०७ उजाडलं. तो भाग आपल्याकडं बऱ्याच जणांनी लिहिलेला आहे, मी त्यात शिरत नाही.

बाप्तिस्म्याच्या प्रश्नाला प्रत्येकानं आपापलं उत्तर दिलं. कवी ओसिप मांदेल्श्ताम १९११ मध्ये व्हीबोर्गला जाऊन मेथडिस्ट पाद्र्याकडून बाप्तिस्मा घेऊन आला, कारण पीटर्सबर्ग विद्यापीठाचं दार टक्क्यांनी बंद होतं. त्याला मी नावं ठेवू शकत नाही. विशीतल्या कवीला विद्यापीठ हवं होतं, बस. पीटर्सबर्गचं संगीत विद्यालय १८६२ मध्ये ज्यानं काढलं, ज्याच्या पहिल्या विद्यार्थ्यांत चायकोव्हस्की होता, त्या आंतोन रुबिनश्ताइनचा बाप्तिस्मा तर लहानपणीच सगळ्या कुटुंबाबरोबर झालेला. तरी त्यानं म्हातारपणी लिहून ठेवलं की ज्यू मला ख्रिश्चन समजतात, ख्रिश्चन ज्यू समजतात, रशियनांना मी जर्मन वाटतो आणि जर्मनांना रशियन.

मग १९१७ आलं आणि रेषा पुसली गेली. त्यानंतरच्या पंधरा-वीस वर्षांबद्दल वाचताना मला दरवेळी सकाळी खिडकी उघडल्यासारखं वाटतं, पुढं काय होणार आहे हे माहीत असूनही. लेनिनग्राडला, म्हणजे पूर्वीच्या पीटर्सबर्गला, अब्राम योफेच्या भौतिक-तांत्रिक संस्थेतून एक अख्खी पिढी बाहेर पडली. बाकूचा लेव्ह लांडाऊ तिशीच्या आत जगातल्या पहिल्या रांगेतल्या सैद्धांतिक भौतिकशास्त्रज्ञांत गणला जात होता. आपल्याकडं भौतिकशास्त्रात एमएस्सी केलेल्या कुणालाही विचारा, लांडाऊ-लिफ्शिट्झचे ते जाडजूड खंड त्याच्या कपाटात नाहीतर आठवणीत असतातच. लिफ्शिट्झही ज्यू, खार्किव्हचा.

माझी स्वतःची या जगाशी ओळख झाली ती मात्र याकोव्ह पेरेलमान या माणसामुळे. मी सातवीत असताना बाबांनी रशियन पुस्तकांच्या प्रदर्शनातून मीर प्रकाशनाची 'फिजिक्स फॉर एंटरटेनमेंट' आणली होती. चकचकीत नसलेला, जरा पिवळट कागद, आणि त्याला येणारा तो गोंदाचा वास. कागदाच्या द्रोणात पाणी उकळतं आणि कागद जळत नाही, हे वाचून मी गॅसवर करून पाहिलं होतं आणि आईचा ओरडा खाल्ला होता. त्यातलं एक प्रकरण कायमचं मनात बसलं. अदृश्य झालेला माणूस आंधळाच असला पाहिजे, कारण ज्याच्या डोळ्यांतून प्रकाश आरपार जातो त्याला दिसणार कसं? त्या वयात मी दोन दिवस याच विचारात होते.

पेरेलमान कोण, हे मला तिशीनंतर कळलं. १८८२ मध्ये बियालिस्टोकमध्ये, रेषेच्या आत, जन्म. वडील हिशेबनीस, मूल वर्षाचं असताना गेले. आई प्राथमिक शिक्षिका. पीटर्सबर्गला वनशास्त्राचं शिक्षण घेतलं, जंगलात नोकरी एक दिवसही केली नाही. १९१३ मध्ये पुस्तकाचा पहिला भाग आला. १९३५ मध्ये लेनिनग्राडला फोंतांका नदीकाठच्या शेरेमेत्येव्ह राजवाड्यात 'रंजक विज्ञानाचं घर' उघडलं, त्यात पेरेलमानचा मोठा वाटा होता. तिथल्या वस्तूंना हात लावू नका असं म्हणत नसत, उलट हात लावूनच बघायचं असे. त्याच राजवाड्याच्या एका बाजूला कवयित्री आख्मातोव्हा राहायची. १९४१च्या सप्टेंबरात जर्मनांनी लेनिनग्राडला वेढा घातला. नोव्हेंबरात कामगार नसलेल्यांच्या वाट्याचा पाव दिवसाला १२५ ग्रॅमवर आला. साठीला आलेला पेरेलमान गोठलेल्या शहरातून चालत जाऊन सैनिकांना, नाविकांना व्याख्यानं देत होता: उपकरण हाताशी नसताना अंतर कसं मोजायचं, दिशा कशी ओळखायची. जानेवारी १९४२ मध्ये त्याची बायको आन्ना, डॉक्टर, रुग्णालयात काम करता करता उपासमारीनं गेली. १६ मार्चला तो गेला. मी ते वाचलं तेव्हा उठून कपाटातलं ते जुनं पुस्तक काढलं आणि नुसतं हातात धरून बसले.

जाता जाता एक. प्वाँकारेचा कूटप्रश्न सोडवून दहा लाख डॉलर नाकारणारा ग्रिगोरी पेरेलमान याचा नातेवाईक नव्हे. पण लहानपणी वडिलांनी त्यालाही हेच पुस्तक दिलं होतं. १९८२च्या गणित ऑलिंपियाडमध्ये तो पैकीच्या पैकी गुण मिळवून आला, आणि संघात निवड झाल्यानं लेनिनग्राड विद्यापीठात परीक्षेशिवाय गेला. शवपेट्यांची खोली त्याला चुकली ती अशी.

१९३७-३८च्या दहशतीनं ज्यू म्हणून कुणाला वेगळं काढलं नव्हतं, हे प्रामाणिकपणे सांगायला हवं. ती सगळ्यांनाच गिळत होती. हेलियमच्या शोधावर मुलांसाठी अप्रतिम पुस्तक लिहिणारा, पुंज-गुरुत्वाचा (क्वांटम ग्रॅव्हिटीचा) विचार जगात सर्वांआधी करणाऱ्यांपैकी एक असलेला मात्व्हेई ब्रोनश्ताइन फेब्रुवारी १९३८ मध्ये गोळी घालून मारला गेला, एकतिसाव्या वर्षी. लांडाऊ एक वर्ष तुरुंगात राहून, भौतिकशास्त्रज्ञ कापित्सानं स्वतः जामीन राहून लिहिलेल्या पत्रामुळे सुटला. मांदेल्श्ताम त्या डिसेंबरात व्लादिवोस्तोकजवळच्या छावणीत संपला.

रकाना जागा झाला युद्धानंतर. व्हासिली ग्रोसमनच्या 'जीवन आणि नियती' या कादंबरीतला भौतिकशास्त्रज्ञ श्त्रुम एक प्रश्नावली भरतो. पाचव्या प्रश्नापाशी त्याचा हात थांबतो. युद्धाआधी हा प्रश्न किती साधा होता, आता त्याच्यात काहीतरी वेगळं शिरलंय, हे त्याला जाणवतं, आणि तो पेनवर जोर देऊन ठळक अक्षरांत 'ज्यू' लिहितो. ग्रोसमनची आई सप्टेंबर १९४१ मध्ये बेर्दिचिव्हला नाझींनी मारलेल्या ज्यूंत होती. तो तिला पत्रं लिहीत राहिला, ती गेल्यावर नऊ वर्षांनी एक आणि वीस वर्षांनी एक. १९६१ मध्ये केजीबीची, म्हणजे सोव्हिएत गुप्त पोलिसांची, माणसं येऊन कादंबरीचं हस्तलिखित घेऊन गेली, कार्बन कागद आणि टाइपरायटरच्या फितींसकट.

आणि लीना श्तेर्न. तिच्याविषयी मराठीत कुणी लिहिलेलं माझ्या वाचनात नाही, म्हणून थोडं सांगते. रक्त आणि मेंदू यांच्यामध्ये एक अडसर असतो, रक्तातला प्रत्येक पदार्थ मेंदूत शिरू शकत नाही, यावर जगात ज्यांनी पायाभूत काम केलं त्यांत ती होती. १८७८चा जन्म. रशियात ज्यू मुलीला दारं बंद म्हणून जिनिव्हाला शिकली, १९१८ मध्ये तिथल्या विद्यापीठाची पहिली स्त्री प्राध्यापक झाली. १९२५ मध्ये ते सगळं सोडून स्वखुशीनं मॉस्कोला आली, कारण नव्या देशावर तिचा विश्वास होता. १९३९ मध्ये सोव्हिएत विज्ञान अकादमीची पहिली पूर्ण स्त्री सदस्य झाली. क्षयाचा मेंदूज्वर झालेल्या मुलांना रक्तातून दिलेलं स्ट्रेप्टोमायसिन पुरेसं पोचत नाही, तर अडसराला वळसा घालून ते थेट मेंदूभोवतीच्या द्रवात द्यावं, हा तिचा आग्रह होता.

युद्धात ती ज्यू फासिस्टविरोधी समितीत होती. समितीचा प्रमुख, थोर नट सोलोमोन मिखोएल्स, याला जानेवारी १९४८ मध्ये मिन्स्कला ठार करून ट्रकचा अपघात भासवण्यात आला, आणि मग सरकारी इतमामानं अंत्यसंस्कार झाले. पुढच्या जानेवारीत सत्तर वर्षांच्या लीनाला अटक झाली. तिच्यासकट पंधरा जणांवर खटला चालला, त्यांतला एक आरोपी तुरुंगातच दगावला. १२ ऑगस्ट १९५२ला तेरा जणांना गोळ्या घातल्या. त्यांत यिडिश भाषेतले मोठे कवी होते. लीना एकटी उरली. तिला कझाकस्तानात हद्दपार केलं. स्टालिन मेल्यावर १९५३ मध्ये ती मॉस्कोला परतली आणि पंचाहत्तराव्या वर्षी पुन्हा प्रयोगशाळेत जाऊन उभी राहिली.

त्यानंतर गोळ्या थांबल्या. उरला नुसता रकाना आणि परीक्षेची खोली. इस्राएल गेल्फांद, विसाव्या शतकातल्या सर्वांत मोठ्या गणितींपैकी एक, १९५३ मध्ये अकादमीचा सहयोगी सदस्य झाला आणि पूर्ण सदस्य थेट १९८४ मध्ये, वयाच्या सत्तरीनंतर. आणि मेखमातच्या पायऱ्यांवरून दर जुलैत सतरा वर्षांची मुलं खाली मान घालून उतरत. बरीचशी मग तेल आणि वायू संस्थेत जात. तिला मुलं लाडानं 'केरोसिन्का', रॉकेलचा स्टोव्ह, म्हणत. ती ज्यू मुलांना घ्यायची.

या मुलांसाठी १९७८ मध्ये बेला सुब्बोतोव्स्काया या बाईनं आपल्या छोट्या घरात वर्ग सुरू केला. ती स्वतः मेखमातची पदवीधर. १९६१ मध्ये तिनं तर्कसूत्रांच्या लांबीवर एक निबंध लिहिला होता, त्यातली पद्धत संगणकशास्त्रात आजही वापरली जाते. पहिल्या वर्षी दहा-पंधरा मुलं असतील. पुढं एवढी झाली की घर पुरेना, मग कधी बालवाडीची इमारत, कधी केरोसिन्काची एखादी रिकामी खोली. दर शनिवारी मॉस्कोतले पहिल्या प्रतीचे गणिती येऊन विद्यापीठात शिकवावं तसं शिकवत. हजेरी नाही, पदवी नाही, पैसे नाहीत. लोक त्याला 'ज्यू लोकविद्यापीठ' म्हणायला लागले, पण येणाऱ्याचा रकाना तिथं कुणी विचारत नसे. बेला खोल्या शोधायची, टिपणांच्या प्रती काढायची, आणि त्या देशात प्रती काढणं हाच मोठा धोका होता. सगळ्यांसाठी सँडविचही तीच करून आणायची. टिपणांच्या कडेला लोण्याचा डाग पडलेला मला नेहमी डोळ्यांपुढं दिसतो.

१९८२च्या उन्हाळ्यात शिकवणाऱ्यांपैकी व्हालेरी सेंदेरोव्ह आणि बोरिस कानेव्स्की यांना अटक झाली. बेलालाही चौकशीला बोलावलं. २३ सप्टेंबरला रात्री अकराच्या सुमाराला, आईला भेटून परतताना, रहदारी नसलेल्या एका रस्त्यावर ट्रकनं तिला उडवलं. ती चाळिशीत होती. यामागे केजीबी होती असं तिच्या ओळखीतल्या अनेकांना वाटत आलं आहे, सिद्ध मात्र काहीच झालं नाही. पुढच्या वर्षी वर्ग बंद पडले.

हे सगळं मी रविवारच्या मुलांना सांगितलं नाही. गणित सुटल्यावर, हे कुठून आलं, एवढं थोडक्यात सांगितलं. वेगळी खोली, पाचवा रकाना, बेलाबाईंचा शनिवारचा वर्ग. १७, १७, १८ वाली मुलगी वहीतला तो त्रिकोण खोडायचं सोडून ऐकत होती. मागच्या बाकावरचा एक मुलगा, जो एरवी तोंड उघडत नाही, त्यानं विचारलं, "मॅडम, त्या फी किती घ्यायच्या?"

"काहीच नाही."

"आणि सँडविच?"

"ती त्या घरून आणायच्या."

तो थोडा वेळ गप्प राहिला. मग त्यानं वहीचं पान उलटलं आणि म्हणाला, "पुढचं घाला."